सूरजागडचा डोंगर आणि बाबासाहेबांच्या नावाने फाडलेली पावती



गडचिरोलीतल्या सूरजागडच्या लोहखाणीचा विषय निघाला की आपल्याच कार्यकर्त्यांमधून एक युक्तिवाद हमखास ऐकू येतो. बाबासाहेब औद्योगिकीकरणाच्या बाजूचे होते, गावगाडा त्यांना मान्य नव्हता, मग गडचिरोलीत खाणी आणि पोलाद कारखाने येत असतील तर आंबेडकरवाद्यांनी विरोध का करायचा? विरोध करणारे एक तर एनजीओवाले, नाही तर नक्षलवाले. आपला काय संबंध?

असे बोलणारे सगळेच दलाल नाहीत, हे आधी मान्य करतो. चामोर्शी, आष्टी, अहेरीकडचा बौद्ध तरुण डी.एड. करून वर्षानुवर्षे भरतीची वाट बघतो, घरी दीड एकर धान किंवा तेही नाही. तो असे बोलतो तेव्हा त्याच्या मागे खरी भूक असते. त्याला 'भांडवलदारांचा हस्तक' म्हणून झटकून टाकणारे पुण्या-मुंबईचे पुरोगामी मला त्या युक्तिवादापेक्षाही जास्त खटकतात. म्हणून उत्तर नीट दिले पाहिजे, आणि ते बाबासाहेबांच्याच लिखाणातून आणि कामातून दिले पाहिजे.

युक्तिवादाचा पहिला भाग खरा आहे. १९१८ साली बाबासाहेबांनी भारतातल्या लहान शेतजमिनींवर निबंध लिहिला. शेतीवर माणसांचा बोजा जास्त आहे, तो उद्योगात वळवल्याशिवाय शेतीचा प्रश्न सुटणार नाही, असे त्यात मांडले. ४ नोव्हेंबर १९४८ ला संविधान सभेत गावाचे गोडवे गाणाऱ्यांना त्यांनी कसे सुनावले, ते आपल्याला पाठ आहे. पण इथेच थांबणारा माणूस बाबासाहेबांचे अर्धेच पुस्तक वाचतो. मार्च १९४७ मध्ये शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनच्या वतीने त्यांनी 'स्टेट्स अँड मायनॉरिटीज' हा मसुदा दिला. त्यात मूलभूत आणि कळीचे उद्योग राज्याच्या मालकीचे असावेत, राज्यानेच ते चालवावेत, आणि हे संविधानात लिहून ठेवावे, अशी मागणी आहे. कायद्यात लिहिले तर उद्याचे बहुमत ते पुसून टाकेल, म्हणून संविधानात. लोखंड आणि पोलाद हा कळीचा उद्योग नाही तर मग कोणता?

म्हणजे प्रश्न 'उद्योग हवा की नको' असा कधी नव्हताच. उद्योग कोणाच्या मालकीचा, त्याचा नफा कोणाच्या खिशात, आणि त्यात आपल्या माणसाचे स्थान काय, हा बाबासाहेबांचा प्रश्न होता. सूरजागडला तो लावून बघा.

एटापल्ली तालुक्यातल्या सूरजागडच्या डोंगरावरची ३४८.०९ हेक्टर जागा २००७ साली लॉयड्स मेटल्स या खासगी कंपनीला लोहखनिजासाठी भाडेपट्ट्याने देण्यात आली. २०१५ च्या खाण कायद्यातल्या दुरुस्तीने असे पट्टे ५० वर्षांचे धरले गेले, म्हणजे हा २०५७ पर्यंत चालणार. त्या वर्षी तिथे जन्मलेले माडिया मूल तेव्हा पन्नाशीत असेल. काम प्रत्यक्ष सुरू व्हायला २०१६ उजाडले, मधे बंद पडले, २०२१ पासून पुन्हा जोरात सुरू झाले. परवानगी वर्षाला ३० लाख टनांची होती, २०२३ मध्ये ती एकदम १ कोटी टन झाली. त्यानंतरही वाढीचे अर्ज थांबलेले नाहीत. २०२५ मध्ये खनिज शुद्धीकरणाच्या प्रकल्पासाठी ९३७ हेक्टर वनजमीन वळती करायला केंद्राने तत्त्वतः मान्यता दिली आणि त्यात सुमारे १ लाख २३ हजार झाडे जाणार आहेत.

१ कोटी टन ही संख्या ऐकायला सोपी वाटते, म्हणून जरा गणित मांडू. वर्षाचे ३६५ दिवस धरले तर दिवसाला साधारण २७ हजार टन होतात. एका ट्रकमध्ये ३० टन धरले तर दिवसाला नऊशेच्या वर भरलेले ट्रक. तेवढेच रिकामे परत येणार. सगळा माल रस्त्याने गेला तर चोवीस तास, दर मिनिटाला एकापेक्षा जास्त अवजड गाडी एटापल्ली-आलापल्ली-आष्टी या रस्त्यावरून धावणार. हा रस्ता त्यासाठी बांधलेलाच नव्हता. याच रस्त्याने पोर शाळेत जाते, बाई बाजाराला जाते, एसटी जाते, रुग्णवाहिका जाते. रस्त्याकडेच्या कापसावर आणि धानावर लाल धूळ बसते. घरातल्या भांड्यांवरही बसते. अपघातांच्या बातम्या स्थानिक पेपरात इतक्या येतात की आता त्या आतल्या पानावर गेल्या आहेत. आणि गंमत बघा, याच जिल्ह्यात पावसाळ्यात गरोदर बाईला खाटेवर घालून नाला ओलांडून न्यावे लागते. खनिजाच्या गाडीसाठी रस्ता रुंद करायला निधी सापडतो, बाळंतिणीच्या पुलाला सापडत नाही.

उघड्या खाणीत काय होते हेही नीट समजून घ्या. आधी झाडे जातात, मग वरची माती आणि निरुपयोगी दगड काढून बाजूला त्याचे डोंगर रचले जातात, मग पायऱ्या पायऱ्यांनी खनिज काढले जाते. गडचिरोलीत पाऊस कसा पडतो ते ज्याने पाहिले आहे त्याला पुढचे सांगायला नको. तो सगळा लाल गाळ उतारावरून नाल्यात, नाल्यातून शेतात आणि पुढे बांडिया नदीत, तिथून इंद्रावतीत जातो. खाणीच्या पायथ्याच्या मल्लमपाडीसारख्या गावांत धानाच्या बांध्यांमध्ये हा गाळ येऊन बसल्याच्या तक्रारी शेतकऱ्यांनी केल्या आहेत. बांधीत एकदा असा गाळ घट्ट बसला की रोवणी कशी करायची? आणि ज्याच्या नावावर जमिनीचा पट्टाच नाही, पिढ्यानपिढ्या फक्त कसतो आहे, त्याने नुकसानभरपाई कुठल्या सातबाऱ्यावर मागायची? कागद नाही म्हणून तो शेतकरी नाही, शेतकरी नाही म्हणून त्याचे नुकसान नाही. गायरान कसणाऱ्या आपल्या माणसाला हे तर्कशास्त्र नव्याने शिकवावे लागणार नाही.

गायरानावरून आठवले. २०२२ च्या शेवटी राज्यभर गायरानावरची अतिक्रमणे काढण्याच्या नोटिसा निघाल्या. त्यात सर्वांत जास्त धास्ती कोणी घेतली? दलितांनी, भटक्यांनी, भूमिहीनांनी. दादासाहेब गायकवाडांच्या भूमिहीन सत्याग्रहात तुरुंगात गेलेल्यांच्या नातवंडांनी. तेव्हा शासन सांगत होते की सार्वजनिक जमीन ही सगळ्यांची असते, ती कोणा एकाला बळकावता येत नाही. बरोबर त्याच वर्षी, २७ ऑक्टोबर २०२२ ला, सूरजागडच्या खाणीची क्षमता तिप्पट करण्यासाठी जनसुनावणी झाली. दोन एकर गायरानावर तूर पेरणारा मातंग अतिक्रमक, आणि अख्खा डोंगर पन्नास वर्षांसाठी घेणारा 'गुंतवणूकदार'. एकच शासन, एकाच मोसमात.

ती सुनावणी कुठे झाली तेही सांगतो. २००६ ची पर्यावरण अधिसूचना सांगते की जनसुनावणी प्रकल्पाच्या जागी किंवा अगदी जवळ घ्यावी. ही सुनावणी झाली गडचिरोलीत, जिल्ह्याच्या मुख्यालयात. खाणीपासून दीडेकशे किलोमीटर. ज्याचे शेत गाळाने भरले त्याने मजुरी बुडवून, मुक्काम करून, पोलीस बंदोबस्तातून आत शिरून, मराठी किंवा इंग्रजीत आपले म्हणणे मांडायचे. पर्यावरण आघात अहवालाचा सारांश राज्यभाषेत द्यावा लागतो, मूळ जाडजूड अहवाल इंग्रजीत असतो. माडिया भाषेत काहीच नसते. शिक्षण नाकारून मग 'तुम्हाला वाचता येत नाही' म्हणून निर्णयातून बाहेर ठेवणे ही युक्ती या देशात कोणी शोधून काढली, ते आपल्याला माहीत आहे. मनुस्मृती जाळली म्हणून ती युक्ती जळाली नाही, तिने फक्त कार्यालय बदलले.

आता नोकऱ्यांकडे येऊ, कारण आपल्या पोराचा खरा प्रश्न तोच आहे. स्थानिकांना काम मिळाले आहे, हे नाकारण्याचे कारण नाही. १ जानेवारी २०२५ ला आपण भीमा-कोरेगावच्या विजयस्तंभाला मानवंदना देत होतो, त्या दिवशी मुख्यमंत्री गडचिरोलीत होते. कोनसरीच्या प्रकल्पात कार्यक्रम झाला आणि कामगारांना कंपनीचे शेअर मिळाल्याचे कौतुक झाले. छान. पण माझा प्रश्न शेअरचा नाही. पाचव्या अनुसूचीतल्या जिल्ह्यात, वनजमिनीवर, जनतेच्या मालकीच्या खनिजावर उभ्या राहिलेल्या या उद्योगात अनुसूचित जातीला किती टक्के आरक्षण आहे? अनुसूचित जमातीला किती? ओबीसीला किती? शून्य. खासगी क्षेत्र आहे ना. हाच डोंगर सरकारी कंपनीने खोदला असता तर शिपायापासून खाण अभियंत्यापर्यंत बिंदुनामावली लागली असती, बॅकलॉग मागता आला असता, मागासवर्गीय कर्मचाऱ्यांची संघटना उभी राहिली असती. आज काय आहे? कंत्राटदार आहे, उपकंत्राटदार आहे, आणि 'उद्यापासून येऊ नको' हे तोंडी वाक्य आहे. साधनसंपत्ती सार्वजनिक आणि नोकरी खासगी, ही वाटणी आरक्षण न रद्द करता आरक्षण संपवण्याची सर्वांत सोपी रीत आहे. बाबासाहेबांचे नाव घेऊन खाणीचे समर्थन करणाऱ्याने एवढ्या एका मुद्द्याचे उत्तर द्यावे.

याला जोडून एक कडवट गोष्ट. गडचिरोलीत जिल्हा पातळीवरच्या वर्ग तीन-चारच्या पदांमध्ये ओबीसींचे आरक्षण बरीच वर्षे ६ टक्क्यांवर होते. २०१४ मध्ये राज्यपालांच्या अधिसूचनेने अनुसूचित क्षेत्रातली तलाठी, ग्रामसेवक, शिक्षक अशी काही पदे स्थानिक आदिवासींसाठी राखली गेली. त्यावर जो राग उसळला तो कोणावर? आदिवासींवर. पेसा रद्द करा म्हणून मोर्चे निघाले. त्या मोर्चांत आपलेही काही लोक होते. तलाठ्याच्या मूठभर जागांसाठी कुणबी, तेली, बौद्ध आणि गोंड एकमेकांच्या अंगावर जातात, आणि बाजूच्या रस्त्याने, ज्या उद्योगात यांपैकी कोणालाच एक टक्काही राखीव नाही, त्याचे ट्रक शांतपणे निघून जातात. श्रेणीबद्ध विषमतेचा याहून चांगला धडा पुस्तकात सापडणार नाही.

दुसरा आक्षेप आपल्यातल्या कडव्या मंडळींचा. तो मी नागपुरात आणि औरंगाबादेत दोन्हीकडे ऐकला. सूरजागडच्या डोंगरावर ठाकूरदेव आहे, जानेवारीत यात्रा भरते, आसपासच्या इलाख्यातले आणि सीमेपलीकडचे आदिवासी जमतात, म्हणून खाण नको असे ते लोक म्हणतात. आपण बावीस प्रतिज्ञा घेतलेले लोक, देवासाठी कसे लढायचे?

नका लढू देवासाठी. काळाराम मंदिराच्या दारात बाबासाहेब रामाच्या दर्शनाच्या ओढीने उभे राहिले होते काय? चवदार तळ्याचे पाणी पवित्र होते म्हणून महाडला गेले होते काय? माणसाचा हक्क कोण मोजतो आणि कोण नाकारतो, हा तिथला मुद्दा होता. नियमगिरीच्या खटल्यात १८ एप्रिल २०१३ ला सर्वोच्च न्यायालयानेही जवळपास तेच केले. डोंगरात देव आहे की नाही हे न्यायालयाने ठरवले नाही. वनहक्क कायद्याखाली ते ठरवण्याचा अधिकार ग्रामसभेचा आहे, असे सांगितले. ओडिशातल्या बारा ग्रामसभा बसल्या आणि बाराही जणींनी बॉक्साइटच्या खाणीला नाही म्हटले. सूरजागडच्या ग्रामसभांनाही नेमके हेच हवे आहे, आम्हाला विचारा. शिवाय तो डोंगर फक्त देवाचा नाही. इंग्रजांविरुद्ध उठाव करणारे बाबुराव शेडमाके, ज्यांना २१ ऑक्टोबर १८५८ ला चंद्रपुरात फाशी दिली, त्यांच्या आठवणी या मुलखाशी जोडलेल्या आहेत. मोह, तेंदू, बांबू, चारोळी, डिंक हे सगळे त्याच जंगलातून येते. खाणीच्या जाहिरातीत या मिळकतीचा उल्लेख कधी नसतो, जणू खाण येण्याआधी तिथे अर्थव्यवस्थाच नव्हती. याच जिल्ह्यातल्या मेंढा-लेखाने २००९ मध्ये देशात पहिल्यांदा सामूहिक वनहक्क मिळवला आणि पुढे बांबू स्वतः विकून दाखवला. गडचिरोलीतल्या कितीतरी ग्रामसभा आज तेंदूपत्त्याचा लिलाव स्वतः करतात, बोनस थेट मजुराच्या हातात देतात. उद्योग म्हणजे फक्त चिमणी असे ज्याला वाटते त्याने त्या ग्रामसभांची हिशोबाची वही बघावी.

आणि 'गाव म्हणजे डबके' हे वाक्य माडियांच्या पाड्यावर जसेच्या तसे लावणेही चूक आहे. बाबासाहेबांनी ज्या गावावर हल्ला केला ते गाव म्हणजे गावकुस आणि महारवाडा, पाटील-कुलकर्णी आणि वतन, वेगळा पाणवठा. माडियांच्या पाड्यात भाबडे समतेचे नंदनवन आहे असे मी म्हणणार नाही. बाईला जमिनीत वाटा नाही, मांत्रिकाचे प्रस्थ आहे, कुपोषण आहे. पण तिथे गावकुसाबाहेर कोणाला बसवलेले नव्हते. उलट जंगल खाते, सावकार आणि कंत्राटदार यांनीच त्या समाजाला देशाच्या गावकुसाबाहेर बसवले.

मजुरांच्या हक्काबद्दल बाबासाहेब फक्त लिहून थांबले नाहीत. १९४२ ते १९४६ ते व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री होते आणि खाण कामगारांचा विषय त्यांच्याकडे होता. डिसेंबर १९४३ मध्ये ते धनबादच्या कोळसा खाणींत गेले, कामगारांच्या चाळी बघितल्या. युद्धकाळात स्त्रियांना भूगर्भात कामाला उतरवण्यावरची बंदी उठवली गेली तेव्हा तो निर्णय त्यांच्याच खात्याला कायदेमंडळात मांडावा लागला, टीका झाली, आणि १९४६ मध्ये बंदी परत आली. हे लपवण्याचे कारण नाही. पण याच काळात, १९४४ साली, कोळसा खाण कामगार कल्याण निधी उभा राहिला. खाणीतून निघणाऱ्या कोळशावर उपकर लावायचा आणि तो पैसा कामगारांच्या घरांवर, पाण्यावर, दवाखान्यांवर, शिक्षणावर खर्च करायचा. सल्लागार समितीवर मालकांबरोबर कामगारांचे प्रतिनिधी. इंग्रजांच्या राज्यात, महायुद्ध चालू असताना.

त्याचा आजचा नातू म्हणजे २०१५ मध्ये आलेला जिल्हा खनिज प्रतिष्ठान निधी. लोहखनिजावर स्वामित्वधन विक्री किमतीच्या १५ टक्के. २०१५ च्या आधी दिलेल्या पट्ट्यांवर त्या स्वामित्वधनाच्या ३० टक्के रक्कम या निधीत जाते. ढोबळ हिशोब करा. १०० रुपयांचे खनिज, १५ रुपये सरकारला, साडेचार रुपये या निधीत. म्हणजे ज्याचा डोंगर, ज्याचे पाणी, ज्याची फुप्फुसे, त्याच्या नावाने शंभरातले साडेचार रुपये. बरे, ते तरी त्याच्यापर्यंत पोहोचतात का? नियम सांगतो की अनुसूचित क्षेत्रातल्या बाधित गावांसाठी या निधीतून करायच्या प्रत्येक आराखड्याला ग्रामसभेची मंजुरी लागते. नियम असा आहे, आणि प्रत्यक्षात आराखडे जिल्ह्याच्या ठिकाणी, पालकमंत्री आणि जिल्हाधिकारी यांच्या टेबलाभोवती ठरतात. एटापल्लीतल्या किती ग्रामसभांनी असा ठराव केला, हा साधा प्रश्न गडचिरोलीतल्या आपल्या एकाही पुढाऱ्याने जाहीर सभेत विचारलेला मी ऐकला नाही. जयंतीचे स्टेज मात्र त्यांना बरोबर दिसते.

हिंसेचा प्रश्न टाळता येणार नाही. २०१३ मध्ये माओवाद्यांनी कंपनीच्या एका उपाध्यक्षासह तिघांना मारले. डिसेंबर २०१६ मध्ये सूरजागडला ऐंशीच्या आसपास गाड्या जाळल्या. पोलीस खबऱ्या ठरवून कितीतरी आदिवासींचे गळे चिरले. 'बुद्ध की कार्ल मार्क्स' वाचलेल्या माणसाला याचे समर्थन करता येत नाही, मी करत नाही. बंदुकीने ग्रामसभेचे काय भले केले? तिच्या प्रत्येक ठरावावर 'नक्षलवादी' असा शिक्का मारण्याची सोय शासनाला करून दिली.

आणि तो शिक्का किती दूरवर पोहोचतो ते बघा. नागपूरचे ॲड. सुरेंद्र गडलिंग, दलित-आदिवासींचे खटले लढणारे आपले वकील. जून २०१८ मध्ये त्यांना एल्गार परिषद प्रकरणात अटक झाली. पुढे २०१६ च्या सूरजागड जाळपोळीच्या खटल्यातही त्यांना आरोपी करण्यात आले. गडचिरोलीच्या ग्रामसभांबरोबर काम करणारे महेश राऊत यांना त्याच दिवशी अटक झाली. वर्षे गेली, आरोप सिद्ध होण्याची गोष्ट दूरच, तुरुंगवासच शिक्षा झाला. भीमा-कोरेगाव आणि सूरजागड या दोन गोष्टी आपल्याला वेगळ्या वाटतात. पोलिसांच्या फायलीत त्या केव्हाच एकत्र बांधल्या गेल्या आहेत. 'आपला काय संबंध' विचारणाऱ्याने ही फाईल उघडून बघावी. २०२५ च्या पावसाळी अधिवेशनात मंजूर झालेले जनसुरक्षा विधेयक त्याच फायलीचे पुढचे पान आहे.

बंदूक नसलेल्या विरोधाचे काय होते, ते तोडगट्टाने दाखवले. ११ मार्च २०२३ पासून सूरजागड इलाख्यातल्या सत्तरच्या आसपास गावांच्या ग्रामसभा एटापल्ली तालुक्यातल्या तोडगट्टा इथे धरणे देऊन बसल्या. दमकोंडवाहीच्या प्रस्तावित खाणी नकोत, खनिजासाठीचे रुंद रस्ते नकोत, शाळा द्या, दवाखाना द्या, वनहक्क द्या. आळीपाळीने गावे यायची, स्वतःचे तांदूळ घेऊन यायची. संविधान दिन साजरा करणाऱ्या शासनाला याहून सनदशीर काय हवे होते? २५० च्या वर दिवस ते बसून होते. २० नोव्हेंबर २०२३ ला पोलिसांनी ते आंदोलन मोडले, झोपड्या पाडल्या, कार्यकर्त्यांना ताब्यात घेतले. सहा दिवसांनी, २६ नोव्हेंबरला, राज्यभरातल्या शासकीय कार्यालयांत उद्देशिकेचे सामूहिक वाचन झाले. आपण आपापल्या नगरात मिरवणुका काढल्या. तोडगट्टाचे नाव किती मंचांवरून घेतले गेले?

ऑक्टोबर २०२५ मध्ये माओवाद्यांचा मोठा नेता भूपती साठ जणांसह गडचिरोलीत मुख्यमंत्र्यांसमोर शरण आला. सरकार म्हणते, नक्षलवाद संपतो आहे. संपू दे, चांगलेच आहे. पण मग आता ग्रामसभेने नाही म्हटले तर तिला काय म्हणणार? बंदुकीचे कारण गेल्यावर ऐकण्याचे कारण उरते. ते ऐकतात की नवा शब्द शोधतात, याची परीक्षा आत्ता आहे. म्हणून हा विषय आत्ता आपला आहे.

आदिवासींबद्दल बाबासाहेबांची १९४५ ची एक भूमिका काही आदिवासी मित्र आपल्या तोंडावर फेकतात. त्या वर्षी त्यांनी मांडलेल्या जातीय तोडग्यात आदिवासींना प्रतिनिधित्वातून बाहेर ठेवले होते, त्यांच्यात अजून राजकीय जाणीव आलेली नाही असे म्हटले होते. हे खरे आहे, आणि आदिवासी मित्रांचा राग समजण्यासारखा आहे. पण १९३६ च्या 'जातिप्रथेचे विध्वंसन'मध्ये आदिवासींच्या दैन्याची जबाबदारी त्यांनी हिंदूंच्या जातिव्यवस्थेवर टाकली, आणि त्यांच्याच अध्यक्षतेखालच्या मसुदा समितीने दिलेल्या संविधानात पाचवी अनुसूची आहे. त्या अनुसूचीने राज्यपालांना एवढा अधिकार दिला आहे की संसदेचा कायदा अनुसूचित क्षेत्रात लागू होऊ नये असे ते ठरवू शकतात. कलम ३९ (ख) सांगते की समाजाच्या भौतिक साधनसंपत्तीची वाटणी सर्वांच्या हिताची होईल असे बघा. यातला एक अधिकार सूरजागडसाठी वापरा, असे निवेदन घेऊन आपली एक तरी संघटना राजभवनावर गेली का?

उलट कायदा आतून पोखरला जातो आहे. २००९ च्या केंद्राच्या परिपत्रकाने वनजमीन वळती करण्याआधी ग्रामसभेची संमती सक्तीची केली होती. २०२२ च्या नियमांनी ती केंद्राच्या अंतिम मंजुरीच्या नंतर ढकलली. म्हणजे लग्न लावून झाल्यावर मुलीला पसंती विचारायची. २०२३ च्या वन कायद्यातल्या दुरुस्तीने नक्षलग्रस्त भागातल्या ठरावीक सार्वजनिक कामांना पाच हेक्टरपर्यंत सूट दिली. याविरुद्ध आदिवासी संघटना बोलल्या. आपण ॲट्रॉसिटी कायद्याच्या २०१८ च्या निकालानंतर २ एप्रिलचा भारत बंद केला, तेव्हा आदिवासी आपल्या बरोबर रस्त्यावर होते. तो कायदा दोघांचा होता म्हणून. वनहक्क कायदाही दोघांचा आहे, तीन पिढ्यांचा पुरावा मागणाऱ्या 'इतर पारंपरिक वननिवासी' या सदरात गडचिरोली-चंद्रपूरचे किती बौद्ध अडकले आहेत ते गावोगाव जाऊन विचारा.

नागपूर, चंद्रपूर, गडचिरोलीच्या कार्यकर्त्यांनी तीन कामे लगेच हातात घ्यावीत असे मला वाटते. जिल्हा खनिज निधीच्या प्रत्येक कामामागचा ग्रामसभेचा ठराव माहिती अधिकारात मागा, गावनिहाय. खाणीत आणि कोनसरीत कायम किती, कंत्राटी किती, जातनिहाय किती, ही यादी मागा आणि मिळत नसेल तर तिच्यासाठीच मोर्चा काढा. त्या मोर्चात चामोर्शीचा बेरोजगार बौद्ध तरुण आणि एटापल्लीचा माडिया तरुण एकत्र चालतील, कारण मागणी दोघांची आहे. तिसरे काम वकिलांचे आणि विधी शाखेच्या विद्यार्थ्यांचे. पुढच्या जनसुनावणीची नोटीस निघेल तेव्हा ती खाणीच्या पायथ्याशीच व्हावी, असा अर्ज आधीच तयार ठेवा, आणि अहवालाचा सारांश माडियात वाचून दाखवणारी चार पोरे सोबत न्या. हेडरी, मल्लमपाडी, तोडगट्टा, दमकोंडवाही, या गावांत मुक्कामाने जा. निळा झेंडा न्यायचा की नाही ते तिथल्या लोकांना विचारून ठरवा. येणाऱ्या २६ जानेवारीला ग्रामसभा असते, ती तारीख सोयीची आहे.